रिकाम्या हातांच्या बायका

कुंकवाचा करंडा घेऊन बाई दारात आली की ती माझ्याकडे बघत नाही. मी उंबऱ्याशीच बसलेली असते, सुपात तूर पाखडत असते, तिचा पाय माझ्या सुपाला लागायला आलेला असतो, तरी ती माझ्या डोक्यावरून आत बघते अन् विचारते, "सूनबाई हाय का व घरात?" मी काय दाराची चौकट आहे?

त्या वर्षी संक्रांतीनंतर आली ती सरपंचीणबाईंची चुलतजाऊ. म्हणाली, "उद्या दुपारी देवळाच्या मंडपात हळदीकुंकू हाय. सरपंचीणबाई सोता ओटी भरनार हायेत. सूनबाईले पाठवजा."

"पाठवतो," मी म्हटलं. "अन् मले नाई का बलावत?"

तिला वाटलं मी थट्टा केली. "काय काकू तुमीबी!" असं म्हणून हसत हसत पुढच्या घरी गेली. पुढच्या घरीही एक म्हातारी ओट्यावर बसलेली होती, नवरा गेलेली. तिच्याही डोक्यावरून तिनं आत हाक मारली.

शहरातले लोक म्हणतील, आता कुठं राहिलंय असलं काही. राहिलंय, बाप्पा. गावात मोबाइल आला, शेडवर संत्र्याला चमक आणायची मशीन आली, पण नवरा गेलेल्या बाईच्या कपाळाचा न्याय जुनाच चालू आहे. माझा नवरा तापानं गेला. आठवडाभर अमरावतीच्या दवाखान्यात पडून होता. त्यात माझा काय गुन्हा, हे मला अजून कोणी सांगितलेलं नाही.

माझं माहेर अकोल्याचं. बाप कापूस बाजारात हमाल होता. त्यानं मला दहावीपर्यंत शिकवलं, म्हणून लिहायला बसले की हात शाळेतलं मराठी लिहितो. तोंड उघडलं की वऱ्हाडी. लग्न होऊन वरूडकडच्या या गावात आले अन् इथली होऊन गेले. हंगामात संत्र्याच्या शेडवर माल निवडते. समोरून फळं घरंगळत येतात. मोठं इकडं, बारीक तिकडं, डागी खाली. दोन्ही हात सारखे चालले पाहिजेत. पुरुष क्रेट उचलतात म्हणून त्यांना जास्त मजुरी. आम्ही उभं राहून दिवसभर निवडतो, तर म्हणतात, बायकांचं काय, हाताचं तर काम हाय! मग पुरुष काय डोक्यानं क्रेट उचलतात?

आमची वस्ती गावाच्या टोकाला, ई-क्लासच्या जमिनीवर आहे. ई-क्लास म्हणजे सरकारी पडीक जागा, गुरं चरायची. आमच्यासारख्या भूमिहीनांनी तिथं आधी कुडाच्या झोपड्या घातल्या, मग एकेक भिंत विटेची केली. माझ्या घराची मागची भिंत नवरा असताना झाली, पुढची तो गेल्यावर. मागं कधीतरी पंचायतीनं ही घरं बायकांच्या नावावर लावली, कारण तेव्हा तसं फर्मान होतं. नाव लागलं, तेव्हा मी घरावर लाल मातीचा हात फिरवला होता.

अन् त्याच जागेवर भाऊंचा डोळा होता. भाऊ म्हणजे सरपंचीणबाईंचे यजमान. सरपंचपद बायकांसाठी राखीव झालं, म्हणून खुर्चीवर बाई, कारभार भाऊंचा. गावातल्या दोन्ही शेड त्यांच्या, बाग त्यांची, ट्रक त्यांचे. आता त्यांना संत्रा साठवायला कोल्ड स्टोरेज बांधायचं होतं, अन् जागा पाहिजे होती ती सडकेला लागून, म्हणजे आमची. आम्हाला नाल्याच्या पलीकडं नेऊन बसवणार होते, जिथं पावसाळ्यात गुडघाभर पाणी असतं. आम्ही विचारायला गेलो तर म्हणाले, "गावाचा विकास हाय, बाई. तुमाले नको का विकास?" आमच्या चुलीवर पाणी ओतलं की गावाचा विकास होतो, हे गणित मला दहावीपर्यंत कोणी शिकवलं नव्हतं.

एकच गोष्ट अडली होती. घरं बायकांच्या नावावर, म्हणून वरच्या कचेरीनं विचारलं होतं की गावाच्या महिला सभेचं काय म्हणणं आहे. सव्वीस जानेवारीला मोठी ग्रामसभा असते, अन् तिच्या आदल्या दिवशी नुसती बायकांची सभा घ्यायची असते. आमच्या गावात ही महिला सभा कधी भरलेली मी पाहिली नव्हती. यंदा भरली तर आपण सगळ्या जाऊ अन् ठणकावून नाही म्हणू, असं वस्तीतल्या बायकांचं ठरलं होतं. तोंडानं सगळ्या वाघिणी होत्या.

हळदीकुंकवाच्या दिवशी सकाळी शाळेतली लेकरं मतदार दिनाची फेरी घेऊन वस्तीतून गेली. "मतदान करा, लोकशाही वाचवा," असं ओरडत होती. मी त्यांना पाणी पाजलं. तेवढ्यात शेजारची खाला लगबगीनं आली. खाला गोधड्या शिवते, तिचा मुलगा भाऊंचा ट्रक चालवतो. आमचं कुंपण एकच आहे.

"अगे सुन," ती म्हणाली, "आज नुसतं हळदीकुंकू नाई है. महिला सभा बी वहींच है. ओटी भरनेके बाद ठराव वाचनेवाले. मेरे लडकेने सुना, भाऊ फोनपर बोल रहे थे, की बायका एकदा ओटी घेऊन बसल्या की मंग कोनी उठत नाई."

माझ्या तळपायाची आग मस्तकात गेली. काय डोकं आहे माणसाचं! बाईच्या पदरात नारळ, गहू, खण, हळकुंड पडलं की ती दोन्ही हातांनी पदर धरते. सांडू देत नाही, सांडणं अशुभ. अन् जिनं आपली ओटी भरली तिच्याच समोर उभं राहून विरोधात हात कोण वर करणार? खाल्ल्या मिठाला जागायची आम्हाला लहानपणापासून सवय. मारायची गरज नाही, कोंडायची गरज नाही, पैसेही वाटायची गरज नाही. नुसती ओटी भरा अन् मतं घेऊन जा.

पण भाऊ एक गोष्ट विसरले होते. हळदीकुंकवाला ज्यांना बोलवायचं नसतं, त्या बायकाही मतदार असतात.

घरात सून तयार होत होती. हिरवं लुगडं काढलं होतं, लग्नातलं. लग्नाला पाच वर्षं होऊन गेली, मूल नाही. कोणाकोणाचे उपास केले, अमरावतीला डॉक्टरणीकडं खेपा झाल्या. सरपंचीणबाई लेकुरवाळ्या; त्यांच्या हातची ओटी फळते, असं गावात म्हणतात. मी तिला ठरावाचं सांगितलं. ती आरशातून माझ्याकडे बघत राहिली.

"आत्याबाई, घर माहंबी हाय," ती म्हणाली. "पन मले ही ओटी पाहिजे. मी तिथं काही बोलनार नाई. तुमी मले बोलाले लावू नका."

"अन् घर गेल्यावर लेकराले कुठी निजवशीन? नाल्यात?"

ती रडायला लागली. मला माझ्या जिभेचा राग आला. मी मागं उभी राहून तिची वेणी घातली, फूल मात्र तिनंच खोवलं; माझ्या हातचं चालत नाही म्हणतात. "जाय," मी म्हटलं. "घेऊन ये ओटी." ती गेली, अन् मी डोक्यावरून पदर घेऊन वस्तीत निघाले.

आधी त्या ओट्यावरच्या म्हातारीकडं गेले. म्हातारी ऐकूनच दचकली. "नाई व माय! हळदीकुंकवात आपून पाय ठेवाचा? लोक काय म्हनतीन?"

"लोक! लोक काय तुले घर बांधून देतीन?"

"अपशकून होईन."

"कोनाले? जो आपलं घर पाडून राहिला त्याले होऊ दे न मंग!"

म्हातारी तोंडाला पदर लावून हसली. हसली म्हणजे अर्धी उठली. मग दुसऱ्या घरी गेले. शेडवर माझ्या बाजूला उभी राहणारी एक होती, नवऱ्यानं टाकलेली. नवरा जिवंत, म्हणून कुंकू आहे, पण टाकलेली म्हणून बोलावणं नाही. असा तिचा त्रिशंकू झालेला. ती मला म्हणाली, "मी कव्हाची वाट पाहून राहिली, कोनी म्हनते का चाल!" वस्तीतल्या नवरा गेलेल्या साऱ्या बाया निघाल्या. खाला म्हणाली, "मेरेकू बी किधर बुलाया?" अन् चपला घालून पुढंच चालायला लागली.

देवळाच्या मंडपाच्या दारात ती चुलतजाऊ गुलाबपाणी घेऊन उभी होती. आम्हाला पाहिलं अन् तिचा हात वरच्या वर राहिला. "अव माय! तुमी काहून आल्या?"

"मत द्याले," मी म्हटलं.

"इथं हळदीकुंकू हाय, काकू. हात दाखवून अवलक्षण काहून करून घेता?"

"अवलक्षण तर आमी जन्माचंच हाओत, बाई. आता हातबी दाखवून घेतो." असं म्हणून मी आत शिरले. नवरा गेल्यापासून कोणाच्या हळदीकुंकवात पाऊल ठेवलं नव्हतं. सगळ्या माना वळल्या. तिळगुळाचा अन् अत्तराचा वास होता. रांगेनं बसलेल्या बायकांच्या पदरात नारळ होते, दोन्ही हात पदरावर. वस्तीतल्या आमच्या वाघिणी तिथंच होत्या. एकीनंही डोळ्याला डोळा दिला नाही. तिसऱ्या रांगेत माझी सून होती, खाली मान घालून.

मला बाप आठवला. हमालांनी संप केला तेव्हा मी त्याचा डबा घेऊन बाजारात गेले होते. कापसाच्या गाड्या रांगेनं उभ्या, अन् सगळे हमाल हाताची घडी घालून बसलेले. व्यापारी शिव्या देत होता. बाप मला म्हणाला, "पाह्य पोरी, आपल्यापाशी हे दोनच हात हायेत. उचलाचे कव्हा अन् नाई उचलाचे कव्हा, हे आपून ठरवाचं, त्यानं नाई." आम्ही मंडपाच्या मागच्या खांबाला टेकून उभ्या राहिलो.

सरपंचीणबाईंनी आमच्याकडं पाहिलं, मग खिडकीबाहेर पाहिलं. बाहेर भाऊ खुर्ची टाकून बसले होते. गोठ्यातल्या गाईंकडं बघावं तसं आमच्याकडं बघून त्यांनी नुसता 'होऊ द्या' असा हात हलवला. ग्रामसेवक उठला अन् ठराव वाचायला लागला. इतका भरभर, की मंगलाष्टकंही कोणी तशी म्हणत नाही. गट क्रमांक, सार्वजनिक हित, पुनर्वसन. आमच्या घरांना त्यात घरं म्हटलेलंच नव्हतं, 'अतिक्रमण' म्हटलं होतं.

"कोणाचा विरोध असल्यास उभं राहून हात वर करावा," तो म्हणाला अन् लगेच खाली बसायला लागला.

"थांब न रे बाबू," मी म्हटलं. "आमी उभ्याच हाओत."

आम्ही हात वर केले. म्हातारीनं केला, टाकलेलीनं केला, खालानं तर दोन्ही केले, मी तिचा एक खाली घेतला. बांगड्या नसलेले हात. ग्रामसेवक भाऊंकडं बघायला लागला. खिडकीतून आवाज आला, "मोजा न! किती हायेत थ्या? बाकीच्या बसल्या हायेत म्हंजे मंजूरच हाय."

खरंच होतं. आम्ही मोजक्या, अन् मंडप भरून बायका बसलेल्या. मी ओरडले, "अव, उठा न! कालपर्यंत तोंडं चालून राहिली होती, आता काय वाचा बसली?"

एक जण हळूच म्हणाली, "काकू, पदरात ओटी हाय."

मला कळत होतं. एका हातानं पदर आवळून दुसरा हात वर करता येतो, हे तिलाही माहीत होतं अन् मलाही. हात जड झाला होता तो नारळानं नाही. पदरात देवाधर्माचं पडलेलं असताना विरोध करायचा, म्हणजे तिला पाप वाटत होतं. या बायका भित्र्या नव्हत्या. शेडवर मुकादमाला शिव्या घालणाऱ्या बायका या. पण त्यांच्या चांगुलपणालाच कोणीतरी दावं बांधलं होतं, अन् मला त्याचीच भयंकर चीड आली.

मग मला काय झालं, मला माहीत नाही. आधी ठरवलेलं काही नव्हतं. मी मधल्या वाटेत गेले, माझा पांढुरका पदर दोन्ही हातांनी पसरला अन् म्हटलं, "ओटी सांडाची नाई न? नका सांडू. माह्या पदरात टाका. अन् मंग उभ्या राहा."

नवरा गेलेल्या बाईची ओटी कोणी भरत नाही. तिच्या पदरात नारळ पडत नाही. हे काही कुठं लिहिलेलं नाही, पण ते मोडायला लिहिलेल्यापेक्षा जास्त छाती लागते. चुलतजाऊ पुढं आली, "काकू, हे काय भलतंच! ओटीचा अपमान हाय हा."

"ओटीचा अपमान कोन करून राहिलं, बाई? ओटी भरून घर पाडनारे का मी?"

मी पसरलेला पदर धरून उभी होते. कोणी हललं नाही. माझे हात भरून आले होते, डोळेही. शरम वाटायला लागली होती. वाटलं, झालं, हसं झालं, घरही गेलं.

तेव्हा तिसऱ्या रांगेत माझी सून उठली.

दोन्ही हातांनी पदर धरून ती बायकांच्या मधून वाट काढत आली. माझ्यासमोर उभी राहिली. मी हळूच म्हटलं, "तू नको, पोरी. तुही राहू दे. तू जा घरी घेऊन." मनापासून म्हटलं. घर गेलं तरी चालेल, असं त्या घटकेला मला वाटलं.

"लेकरू व्हाचं अशीन तर होईन," ती म्हणाली. आवाज सगळ्यांना ऐकू गेला. "पन ज्या ओटीनं घर जाते थे ओटी मले नाई पाहिजे. अन् आत्याबाई, तुमची कोनी भरली नाई इतके वर्सं. घ्या."

तिनं आपला पदर माझ्या पदरात ओतला. आधी गहू पडले, मग हळकुंड, सुपारी, खण, शेवटी नारळ. केवढा जड वाटला तो! मग ती वळली, सरपंचीणबाईंकडं तोंड करून उभी राहिली अन् हात वर केला. बांगड्या खळकन खाली कोपरापर्यंत आल्या.

त्यानंतर मला नीट दिसलंच नाही, डोळ्यात पाणी होतं. एक उठली, तिनं म्हातारीच्या पदरात ओटी घातली. म्हातारी "अव नको, नको" म्हणत होती अन् पदर पुढं करत होती. दुसरी टाकलेलीकडं गेली. कोणी खालाच्या ओढणीत नारळ टाकला, खाला म्हणाली, "या अल्ला, मेरी बी भर गई!" अन् त्या तसल्या वेळेला अख्खा मंडप हसला. हसता हसता हात वर होत गेले. हिरव्या बांगड्यांचे, लाल बांगड्यांचे, सारे. भाऊ खिडकीशी उभे राहून "खाली बसा, खाली बसा" म्हणत होते. पण आता कोणाच्या मांडीवर काही नव्हतं, बसायचं कशासाठी?

ग्रामसेवकानं दोनदा मोजलं. मग सरपंचीणबाईंकडं बघितलं. त्या बाईनं त्या दिवशी पहिल्यांदा खिडकीकडं न बघता तोंड उघडलं. "लिहा," त्या म्हणाल्या, "ठराव नामंजूर." त्यांना घरी गेल्यावर काय ऐकावं लागलं असेल, ते त्यांचं त्यांनाच ठाऊक. मी कधी विचारलं नाही, पण तेव्हापासून त्यांना नुसतं 'बाई' म्हणत नाही, 'सरपंच' म्हणते.

कोल्ड स्टोरेज पुढं झालं. भाऊंच्याच बागेच्या कडेला जागा निघाली. होतीच की! पण तिथं त्यांची संत्र्याची झाडं तोडावी लागत होती. झाडाची किंमत त्यांना कळत होती. आमच्या घरांची नव्हती. आता आम्ही तिथंही माल निवडायला जातो, अन् पुरुषांइतक्या मजुरीसाठी भांडतो. ते भांडण काही जिंकलेलो नाही अजून. सोडलेलंही नाही.

सुनेला मूल झालं का, हे लोक मला आडून विचारतात. झालेलं नाही. चुलतजाऊ एकदा विहिरीवर म्हणाली, ओटी टाकली त्याचं हे. सुनेनंच तिला उत्तर दिलं, "टाकली नाई बाई, माह्या सासूची भरली." त्या ओटीतल्या नारळाची आम्ही त्याच दिवशी चटणी केली होती, लसूण अन् लाल तिखट घालून. गहू दळून पोळ्या केल्या. वस्तीत सगळ्यांनी खाल्लं, खण मात्र मी पेटीत ठेवला आहे.

पुढच्या संक्रांतीला करंडा घेऊन तीच चुलतजाऊ दारात आली. मी तशीच उंबऱ्याशी, सुपात तूर. या वेळेला ती आत बघत नव्हती. माझ्याकडे बघत होती, अन् तिच्या तोंडात गूळ घोळत होता. आता आम्हालाही बोलवायचं ठरलं होतं. आमचे हात रिकामे ठेवणं त्यांना परवडणारं नव्हतं.

"काकू," ती म्हणाली, "यंदा तुमीबी याचं बरं का. तुमचीबी ओटी भरनार हायेत."

मी सूप बाजूला ठेवलं.

"येतो न, बाई. साऱ्याजनी येतो," मी म्हटलं. "पन भाऊले सांगजा, आधी ठराव वाचा. मंग ओटी."